मनोरंजनाची चिकित्सा : ‘गँग ऑफ फोर’ची कारकीर्द आणि वारसा

१९७६-७७ साली लंडनमध्ये उसळलेल्या पंक संगीताचा पहिला जोर दोनएक वर्षांतच ओसरला आणि त्यानंतर, साधारणपणे १९७८ ते १९८४ या काळात, ब्रिटनच्या निरनिराळ्या शहरांत जे संगीत निर्माण झाले त्याला ‘पोस्ट-पंक’ म्हणजे पंकोत्तर संगीत असे म्हटले जाते. पंकने प्रस्थापित रॉक संगीताचा दिमाख आणि त्यातील व्यक्तिपूजा झुगारली खरी, पण त्याची सांगीतिक घडण जुन्या रॉक अँड रोलचीच राहिली. तीन-चार कॉर्डचा तोच सांगाडा, सरळ ठोक्याची तीच लय, फक्त वेग अधिक आणि आवाज चढा. हे बंड ज्यांना अपुरे वाटले, आणि गाण्यातून काय सांगायचे हे बदलायचे असेल तर गाणे बांधायचे कसे हेही बदलले पाहिजे अशी ज्यांची धारणा झाली, त्यांनी रेगे, फंक, डिस्को आणि प्रायोगिक संगीत यांतून हवे ते उचलून स्वतःची रीत घडवली. पब्लिक इमेज लिमिटेड, जॉय डिव्हिजन, वायर, द फॉल, द स्लिट्स ही या प्रवाहातील ठळक नावे, आणि उत्तर इंग्लंडमधील लीड्स या शहरातून पुढे आलेला ‘गँग ऑफ फोर’ हा बँडही त्यांच्याच पंक्तीतला.

या बँडच्या बाबतीत मात्र एक प्रश्न वेगळा उभा राहतो. त्याच्या पहिल्या आणि सर्वांत गाजलेल्या ध्वनिमुद्रिकेला ब्रिटनच्या विक्रीयादीत ४५व्या स्थानापलीकडे मजल मारता आली नाही, आणि तरीही पुढच्या चार दशकांत अमेरिका आणि ब्रिटनमधील कितीतरी नामवंत संगीतकारांनी आपल्यावरील ऋण म्हणून याच ध्वनिमुद्रिकेचे नाव घेतले. या ऋणाचे स्वरूप नेमके काय आहे? ‘गँग ऑफ फोर’ हा उघडपणे डाव्या विचारांचा, मार्क्सवादी आणि स्त्रीवादी वाचनावर पोसलेला बँड होता; रोजच्या जगण्यातील ज्या गोष्टी आपण नैसर्गिक मानून चालतो, त्यांच्या मागे बाजार आणि सत्ता कशी उभी असते हे दाखवणे हे त्याचे ईप्सित होते. पुढच्यांनी त्याच्याकडून हा विचार घेतला, की केवळ गिटार वाजवण्याची एक तऱ्हा घेतली? या दोन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या करता येतात का, हाच या आढाव्याचा मध्यवर्ती प्रश्न आहे.

बँडची मुळे लीड्स विद्यापीठाच्या ललितकला विभागात आहेत. गायक जॉन किंग आणि गिटारवादक अँडी गिल हे दोघे केंट परगण्यातील सेव्हनओक्स या शाळेचे विद्यार्थी, आणि दोघेही लीड्सला चित्रकला शिकण्यासाठी आले. १९७६ साली या विभागात टी. जे. क्लार्क हा कलेतिहासकार प्राध्यापक म्हणून रुजू झाला. कलाकृतीकडे तिच्या काळातील वर्गसंबंधांच्या संदर्भात पाहिले पाहिजे असे मानणारा हा अभ्यासक काही काळ ‘सिच्युएशनिस्ट इंटरनॅशनल’ या गटाचा सदस्य होता. आधुनिक समाजात माणसाचे जगणेच एक प्रेक्षणीय तमाशा बनले असून माणूस स्वतःच्या आयुष्याचा कर्ता न राहता बघ्या बनला आहे, अशी या गटाची मांडणी होती. पुढच्याच वर्षी स्त्रीवादी कलेतिहासाच्या आघाडीच्या अभ्यासक ग्रिसेल्डा पोलॉक आणि ‘आर्ट अँड लँग्वेज’ या संकल्पनावादी कलागटाचा एक संस्थापक टेरी अ‍ॅटकिन्सन हेही तेथे शिकवू लागले. एकोणिसाव्या शतकातील पॅरिसच्या करमणुकीच्या जागा, तेथील मद्यालये आणि बागा माने या चित्रकाराने कशा रंगवल्या आणि त्या चित्रांत फुरसतीचाही बाजार कसा मांडलेला दिसतो, हा क्लार्कच्या अभ्यासाचा विषय होता. ‘गँग ऑफ फोर’ची गाणी ज्याने ऐकली आहेत त्याला या विषयाचे नाते वेगळे सांगावे लागत नाही.

गॅव्हिन बट याने २०२२ साली प्रसिद्ध केलेल्या लीड्सच्या कलाशिक्षणावरील ग्रंथात ज्या पार्श्वभूमीचा तपशील येतो, तिचे महत्त्व येथे लक्षात घेतले पाहिजे. त्या काळी ब्रिटनमध्ये विद्यापीठीय शिक्षणाचे शुल्क सरकारी पैशातून भरले जाई आणि विद्यार्थ्याला निर्वाहासाठी अनुदान मिळे. बेताच्या परिस्थितीतील मुलांनाही तीन-चार वर्षे वाचन, वादविवाद आणि चुका करण्यासाठी मिळत, आणि विद्यार्थी-संघटनांची सभागृहे व साहित्य हाताशी असे. एकाच विभागातून आणि त्याच्या मित्रमंडळातून ‘गँग ऑफ फोर’, ‘द मेकॉन्स’ आणि ‘डेल्टा फाइव्ह’ असे तीन बँड निघावेत हा निव्वळ योगायोग नव्हता. ते एकमेकांची वाद्ये वापरत. मेकॉन्सची पहिली तबकडी ‘गँग ऑफ फोर’च्या वाद्यांवर वाजवलेली आहे. हे अनुदान पुढे बंद झाले, आणि ब्रिटिश संगीताच्या इतिहासात त्या निर्णयाची नोंद जितकी ठळकपणे व्हायला हवी तितकी अजून झालेली नाही.

वर्गाबाहेरचे लीड्स मात्र कठोर होते. कापड आणि यंत्रउद्योगाची पडझड सुरू झाली होती, ‘नॅशनल फ्रंट’ आणि ‘ब्रिटिश मूव्हमेंट’ या वंशवादी संघटना तरुणांमध्ये हातपाय पसरत होत्या आणि बँडच्या कार्यक्रमांत व विद्यार्थ्यांच्या गुत्त्यांत मारामाऱ्या होत. याच वर्षांत पीटर सटक्लिफ हा खुनी यॉर्कशायर आणि आसपासच्या भागात एकामागून एक स्त्रियांचे खून करत होता. जानेवारी १९८१मध्ये तो पकडला जाईपर्यंत तेरा स्त्रियांचा बळी गेला होता. स्त्रियांनी रात्री घराबाहेर पडू नये या पोलिसांच्या सल्ल्याला उत्तर म्हणून नोव्हेंबर १९७७मध्ये लीड्सच्या स्त्रियांनी रात्रीचे रस्ते परत मिळवण्यासाठी मोर्चा काढला. ‘रॉक अगेन्स्ट रेसिझम’ या वंशवादविरोधी चळवळीच्या मंचावर ‘गँग ऑफ फोर’ने कार्यक्रम केले ते या वातावरणात. त्यांच्या गाण्यातील सिद्धान्त पुस्तकी आहे हा आक्षेप वारंवार घेतला गेला आहे, परंतु ज्या शहरात रस्त्यावरून घरी जाणे हाच राजकीय प्रश्न झाला होता तेथे खासगी जीवन आणि राजकारण यांच्यातील सीमारेषा पुस्तक न उघडताही पुसट झालेली होती.

ऑक्टोबर १९७६मध्ये, माओच्या मृत्यूनंतर महिन्याभरातच, त्याच्या पत्नीसह चार नेत्यांना चीनमध्ये अटक झाली आणि ही ‘चौकडी’ जगभरच्या वृत्तपत्रांत गाजली. तिचेच नाव या बँडने घेतले. किंग आणि गिल यांनी त्याच वर्षी न्यूयॉर्कला जाऊन, पुढे चित्रपट-दिग्दर्शिका म्हणून प्रसिद्ध झालेल्या मेरी हॅरन हिच्याकडे मुक्काम ठोकून, सीबीजीबी या क्लबमधील नवे संगीत ऐकले होते. तबल्याला जे स्थान मैफलीत असते त्याहूनही मोठे स्थान ज्याच्या ड्रमला या संगीतात मिळाले तो ह्यूगो बर्नम लीड्सचाच विद्यार्थी होता, तर बास गिटार वाजवणारा डेव्ह अ‍ॅलन हा एकटाच मुरलेला वादक, कम्ब्रियातील केंडलहून जाहिरात वाचून आलेला. ही चौकडी जमली आणि १९७७-७८मध्ये तिचा आवाज घडला.

या आवाजाची घडण जवळून पाहिल्याशिवाय पुढचे काहीच कळणार नाही. रॉक संगीतात परंपरेने गिटार पुढे असते. तिचा भरीव, लांबणारा नाद सारी जागा व्यापतो, ड्रम आणि बास त्याला आधार देतात आणि गाण्याच्या मध्यावर गिटारवादकाला आपले कसब दाखवण्यासाठी स्वतंत्र वादनाची संधी मिळते. गिलने ही सगळी मांडणी उलटी केली. व्हॉल्व्हच्या अ‍ॅम्प्लिफायरमधून येणारा ऊबदार, गोलसर आवाज त्याला नको होता, म्हणून त्याने ट्रान्झिस्टरचे अ‍ॅम्प्लिफायर वापरले. त्यांतून निघणारा आवाज कोरडा, धारदार आणि झटकन तुटणारा असे. ‘डॉक्टर फीलगुड’ या बँडच्या विल्को जॉन्सनची तुटक, तालवाद्यासारखी गिटार त्याने आत्मसात केली होती, पण विल्कोच्या वादनात जो रिदम अँड ब्लूजचा आनंद आहे तो गिलने गाळून टाकला. त्याची गिटार मध्येच येते, खरवडते, थांबते, अनपेक्षित जागी पुन्हा उगवते, आणि जेथे स्वतंत्र वादनाची अपेक्षा असते तेथे ती गप्प बसते. त्या वेळी फक्त बास आणि ड्रम वाजत राहतात आणि ऐकणाऱ्याला काहीतरी हरवल्याची जाणीव होते.

ही रिकामी जागा जमैकन संगीतातून आली होती. ‘डब’ म्हणजे रेगे गाण्याचे असे रूपांतर, ज्यात तंत्रज्ञ ध्वनिमुद्रणातील एकेक वाद्य अचानक काढून टाकतो आणि उरलेल्या बास व ड्रमच्या पोकळीत प्रतिध्वनी सोडतो. डबमध्ये जे यंत्रावर होते ते ‘गँग ऑफ फोर’ने प्रत्यक्ष वादनात करून दाखवले. बर्नमने झांजांचा सततचा झंकार टाळून ठोके मोकळे ठेवले. अ‍ॅलन मुळात भरपूर स्वर वाजवणारा. त्याला अनेक स्वर गाळायला लावले गेले आणि या संयमातूनच त्याची बास गाण्याची खरी धून बनली. किंगचा आवाज गाण्यापेक्षा बोलण्याच्या आणि ओरडण्याच्या जवळचा. त्याच्यासमोर गिलचा सपाट, निर्विकार आवाज वाद घालत असतो. चारही घटक समान पातळीवर, कोणी कोणाचा आधार नाही आणि कोणी नायक नाही. बँडने सुरुवातीच्या काळात मिळकतही समान वाटून घेतली. सांगीतिक रचना आणि सामाजिक विचार यांचे इतके थेट ऐक्य रॉकच्या इतिहासात क्वचितच आढळते, आणि बँडचे मोठेपण त्याच्या शब्दांपेक्षाही येथे आहे.

एडिंबरा येथील बॉब लास्टच्या ‘फास्ट प्रॉडक्ट’ या छोट्या कंपनीने १९७८च्या अखेरीस त्यांची पहिली तबकडी काढली. ती ‘ईपी’ म्हणजे तीन गाण्यांची छोटी ध्वनिमुद्रिका होती आणि तिचे नाव ‘डॅमेज्ड गुड्स’. शीर्षकगीत प्रेमभंगाचे आहे, पण सारी कहाणी दुकानातल्या देवाणघेवाणीच्या बोलीत सांगितलेली. खराब निघालेला माल परत करावा तशी माणसे एकमेकांना परत करतात. जॉन पील या बीबीसीच्या निवेदकाने आपल्या रात्रीच्या कार्यक्रमात त्यांना जागा दिली, संगीतविषयक साप्ताहिकांनी उचलून धरले, आणि १९७९मध्ये बँडने ईएमआय या बलाढ्य कंपनीशी करार केला.

या करारावर तेव्हापासून आजतागायत वाद चालू आहे. भांडवलशाहीची चिकित्सा करणाऱ्यांनी, संगीताखेरीज संरक्षणसाहित्याच्या व्यवसायातही असलेल्या कंपनीकडून आगाऊ रक्कम घ्यावी हे अनेकांना पटले नाही, विशेषतः त्या वेळी स्वतंत्र वितरणाची वेगळी वाट घालून देणाऱ्या ‘रफ ट्रेड’च्या वर्तुळात. बँडचे म्हणणे असे की बाजाराच्या बाहेर उभे राहण्याची शुद्ध जागा कोठेच नसते, लहान कंपनीही माल विकतेच, आणि ज्यांना हे प्रश्न ऐकू जायला हवेत ते लोक मोठ्या दुकानांतच येतात. हा युक्तिवाद केवळ सोयीचा नव्हता. त्यांच्या गाण्यांचे मूळ सूत्रच असे होते की बोलणारा स्वतः त्या व्यवहाराच्या आत आहे. त्यांच्या गाण्यांत बाहेरून दोष देणारा उपदेशक नसतो. बिछान्यात, जेवणाच्या टेबलाशी, दूरचित्रवाणीसमोर बसलेला आणि आपल्याच इच्छा आपल्या आहेत की कोणी पेरलेल्या आहेत या शंकेने अस्वस्थ झालेला माणूस त्यांत बोलतो.

‘एंटरटेनमेंट!’ ही त्यांची पहिली पूर्ण ध्वनिमुद्रिका सप्टेंबर १९७९मध्ये निघाली. किंग आणि गिल यांनी बनवलेल्या तिच्या लाल वेष्टनापासूनच तिचा युक्तिवाद सुरू होतो. कार्ल माय या जर्मन लेखकाच्या ‘विनेटू’ कथांवर युरोपात निघालेल्या चित्रपटांतील एक दृश्य, गोरा घोडेस्वार आणि अमेरिकेचा मूळनिवासी हस्तांदोलन करत असल्याचे, त्यावर तीनदा छापले आहे. चेहरे सपाट रंगात इतके पुसट केले आहेत की माणसे उरतच नाहीत, उरतात त्या फक्त भूमिका. सोबतच्या मजकुरातून कळते की एकाला ही मैत्री वाटते, दुसऱ्याला तो फसल्याचा आनंद आहे आणि आता त्याची पिळवणूक सुरू होणार आहे. प्रचलित चित्र उचलायचे आणि त्यावर दुसरा मजकूर चढवून त्याचा अर्थ उलटवायचा, हे सिच्युएशनिस्टांचे आवडते तंत्र येथे अत्यंत सोपेपणाने वापरलेले आहे, आणि पॉप संगीताच्या वेष्टनांत इतक्या थोड्या रेषांत इतके काही सांगणारे वेष्टन दुसरे दाखवणे कठीण आहे.

बारा गाण्यांच्या या ध्वनिमुद्रिकेत विषयांचा पट रुंद आहे. ‘नॅचरल्स नॉट इन इट’ हे फुरसत आणि सुख यांच्या खरेदीविषयी. ‘नॉट ग्रेट मेन’ हे इतिहास थोर पुरुषच घडवतात या शाळकरी समजुतीविषयी. ‘काँट्रॅक्ट’ हे दोन माणसांच्या शय्येतही शिरलेल्या कराराविषयी. ‘५.४५’मध्ये चहाच्या वेळी दूरचित्रवाणीवर दिसणारे युद्ध आहे. ‘ईथर’ या पहिल्याच गाण्यात दोन आवाज एकमेकांना छेदतात : एक ग्राहकाच्या सुखासीन जगातला, दुसरा उत्तर आयर्लंडमधील कैद्यांच्या छळाची आठवण करून देणारा. १९७८च्या जानेवारीत युरोपीय मानवी हक्क न्यायालयाने ब्रिटिशांच्या तेथील चौकशीच्या पद्धती अमानुष आणि मानहानीकारक ठरवल्या होत्या, पण त्यांना छळ म्हणण्याचे टाळले होते. हे गाणे त्या पार्श्वभूमीवर ऐकावे लागते.

शेवटचे ‘अँथ्रॅक्स’ हे सर्वांत धाडसी. आरंभी बराच वेळ फक्त गिटारचा फीडबॅक चालतो. फीडबॅक म्हणजे स्पीकरमधून निघालेला आवाज पुन्हा गिटारवर आदळून निर्माण होणारी दीर्घ किंचाळी. रॉकमध्ये ती एरवी उन्मादाची खूण असते, येथे ती एखाद्या बिघडलेल्या यंत्रासारखी, भावनाशून्य वाटते. मग ड्रम आणि बासचा जड ठेका सुरू होतो आणि एका बाजूच्या स्पीकरमधून किंग प्रेम हा जणू एखादा जीवघेणा आजार आहे अशा आशयाचे गाणे गातो, तर त्याच वेळी दुसऱ्या बाजूने गिल शांत, वार्ताहरी सुरात बोलत असतो की पॉप गाणी प्रेमावरच का असतात आणि या बँडला ते का करायचे नाही. ईपीवरील आधीच्या रूपात तर गिल ध्वनिमुद्रणाच्या साहित्याचा तांत्रिक तपशीलच सांगत राहतो. पडद्याचे भाग करून दोन दृश्ये एकत्र दाखवणाऱ्या ज्याँ-लुक गोदारच्या ‘न्यूमेरो द’ या १९७५च्या चित्रपटाची त्यामागे प्रेरणा होती. श्रोत्याला दोन्ही आवाज एकाच वेळी पूर्णपणे ऐकता येत नाहीत. कोणाकडे लक्ष द्यायचे हे त्याला ठरवावे लागते, आणि गाण्यात विरघळून जाण्याचे सुख त्याला नाकारले जाते.

प्रेक्षकाला भावनेत वाहू न देता त्याला विचार करायला लावण्याची ही रीत ब्रेश्टच्या नाटकांतून आलेली आहे. मराठी रसिकाला ती अपरिचित नाही, चिं. त्र्यं. खानोलकरांचे ‘अजब न्याय वर्तुळाचा’ आणि पु. ल. देशपांडे यांचे ‘तीन पैशाचा तमाशा’ यांमधून ब्रेश्ट मराठी रंगभूमीवर आला तो याच दशकात. ‘तीन पैशाचा तमाशा’ रंगमंचावर आले १९७८ साली, म्हणजे ‘डॅमेज्ड गुड्स’च्याच वर्षी. मात्र एक फरक ध्यानात घ्यावा लागतो. ब्रेश्टची तटस्थता प्रेक्षकाला खुर्चीत बसवून विचार करायला लावते, तर ‘गँग ऑफ फोर’ हे नाचण्याचे संगीत आहे. पाय थिरकत असताना डोक्यात प्रश्न सुरू व्हावा हा त्यांचा प्रयत्न, आणि तो ‘एंटरटेनमेंट!’मध्ये जितका साधला तितका नंतर कधी साधला नाही.

‘एंटरटेनमेंट!’च्याच वर्षी, १९७९मध्ये, त्यांच्यासमोर मोठ्या लोकप्रियतेचे दार उघडले होते. ‘अ‍ॅट होम ही’ज अ टूरिस्ट’ ही तबकडी विक्रीयादीत चढू लागली आणि बीबीसीच्या ‘टॉप ऑफ द पॉप्स’ या कार्यक्रमाचे बोलावणे आले. या कार्यक्रमात एकदा दिसणे म्हणजे विक्री कित्येक पटींनी वाढणे. गाण्यात निरोधासाठी वापरलेला एक बोलीतील शब्द आहे. बीबीसीने तो बदलण्यास सांगितले. बँडने एक पर्याय सुचवला, पण बदल झाला आहे हे कोणाच्या लक्षातच येणार नाही असा, उच्चाराने जवळचा शब्द घालावा असा आग्रह धरला गेला, तेव्हा ते कार्यक्रम न करता निघून गेले. तबकडी ५८व्या स्थानी अडकली. व्यावसायिक दृष्टीने ही घोडचूक होती असे बँडच्या हितचिंतकांनीही म्हटले आहे. कारकिर्दीच्या हिशेबात ते खरे असेल; परंतु काटछाट सोसण्यापेक्षा काटछाट लपवण्यास नकार देणे हे त्या ध्वनिमुद्रिकेच्या आशयाशी पूर्णपणे सुसंगत होते, आणि तो निर्णय योग्यच मानला पाहिजे.

१९८१ची ‘सॉलिड गोल्ड’ ही दुसरी ध्वनिमुद्रिका जिमी डग्लस या, फंक संगीताची चांगली जाण असलेल्या अमेरिकी तंत्रज्ञाच्या साहाय्याने झाली. ती अधिक जड, संथ आणि अंधारी आहे. ‘पॅरलाइज्ड’मध्ये गिल बेकार झालेल्या माणसाचे स्वगत जवळजवळ कुजबुजत म्हणतो आणि मार्गारेट थॅचर यांच्या पंतप्रधानपदाच्या पहिल्या दोन वर्षांतील ब्रिटनचे याहून नेमके चित्र त्या काळच्या संगीतात थोडेच आहे. समीक्षक तिला सहसा पहिलीच्या सावलीत ठेवतात, हे अन्यायकारक आहे. त्याच वर्षी अमेरिकेच्या दौऱ्यात अ‍ॅलन बाहेर पडला. त्याची जागा सारा ली या कसलेल्या वादिकेने घेतली आणि १९८२मध्ये ‘साँग्ज ऑफ द फ्री’ आली. तीतील ‘आय लव्ह अ मॅन इन युनिफॉर्म’ हे गणवेशाच्या आकर्षणावर बोट ठेवणारे गाणे खरोखर लोकप्रिय होण्याच्या बेतात होते, पण एप्रिलमध्ये फॉकलंड बेटांवरून अर्जेंटिनाशी युद्ध पेटले आणि बीबीसीच्या नभोवाणीने ते वाजवणे थांबवले. अमेरिकेतील नृत्यक्लबांत मात्र ते चालले. पुढे बर्नमलाही वगळण्यात आले, आणि १९८३ची ‘हार्ड’ ही गुळगुळीत, सजवलेल्या आवाजाची ध्वनिमुद्रिका काढून १९८४मध्ये बँड विसर्जित झाला. ‘हार्ड’चे अपयश बोधक आहे. शब्दांतील चिकित्सा बरीचशी तीच होती, पण वाद्यांमधील मोकळी जागा भरून टाकली गेली आणि त्याबरोबर गाण्यातील प्रश्नही बुजले. या बँडचा विचार त्याच्या नादात होता, याचा यापेक्षा स्पष्ट पुरावा कोणता?

प्रभावाचा मार्ग अटलांटिकपलीकडून जातो. १९७९पासून केलेल्या दौऱ्यांमुळे अमेरिकेच्या महाविद्यालयीन शहरांत त्यांचा श्रोता तयार झाला होता. जॉर्जियातील अथेन्स या गावचे ‘पायलॉन’ आणि ‘आर.ई.एम.’ हे बँड त्यांच्या आधी मंचावर येत, आणि ‘आर.ई.एम.’चा गायक मायकेल स्टाइप याने हे ऋण नेहमी मानले. कॅलिफोर्नियाच्या ‘मिनिटमेन’ने त्यांच्याकडून तुटक फंक आणि राजकीय मितभाषीपणा या दोन्ही गोष्टी घेतल्या, वॉशिंग्टनच्या ‘फुगाझी’ने तर समान वाटणी आणि स्वस्त तिकिटे ही आचारसंहिताच बनवून, जे ‘गँग ऑफ फोर’ने मोठ्या कंपनीत राहून अर्धवट केले ते बाहेर राहून पूर्ण केले. ‘रेड हॉट चिली पेपर्स’ या बँडच्या फ्ली या बासवादकाने ‘एंटरटेनमेंट!’मुळे संगीताकडे पाहण्याची आपली दृष्टीच बदलली असे सांगितले आहे. १९८४ची त्यांची पहिली ध्वनिमुद्रिका गिलनेच निर्मित केली, पण गुरू-शिष्यांचे जमले नाही. त्यांना हवा होता धसमुसळा जोश आणि गिलला हवी होती शिस्त. रॉक गायक कर्ट कोबेनच्या आवडत्या पन्नास ध्वनिमुद्रिकांच्या यादीत ‘एंटरटेनमेंट!’ आहे, आणि ‘रेज अगेन्स्ट द मशीन’चा टॉम मोरेलो गिलला आपल्या आदर्शांपैकी एक मानतो.

घरच्या बाजूला वारसा वेगळ्या रीतीने चालला. ‘डेल्टा फाइव्ह’ने दोन बास गिटार वापरून आणि बर्मिंगहॅमच्या ‘ओ पेअर्स’ने तशाच तुटक फंकवर, स्त्री-पुरुष संबंधांचा तोच प्रश्न स्त्रीच्या बाजूने मांडला. हे आवश्यक होते. किंग आणि गिल यांच्या गाण्यांत पुरुषाची अस्वस्थता प्रामाणिकपणे येते, परंतु समोरची स्त्री बहुधा मुकीच राहते, आणि ही त्यांची खरी मर्यादा आहे.

२००२ ते २००६ या काळात न्यूयॉर्क आणि ब्रिटनमध्ये पोस्ट-पंकची जी लाट परतली, तिच्यात हा आवाज सर्वत्र ऐकू येतो : ‘द रॅप्चर’, ‘फ्रान्झ फर्डिनंड’, ‘ब्लॉक पार्टी’, आणि गिलने ज्यांचे काम पाहिले ते ‘द फ्यूचरहेड्स’. यांतील पुष्कळ संगीत उत्तम आहे. तथापि त्यातील बहुतेकांनी खरवडणारी गिटार आणि डिस्कोचा ठेका उचलला आणि तो क्लबमधील तारुण्यसुलभ उत्साहाला जोडला. ज्या पोकळीमुळे मूळ गाण्यात अस्वस्थता येत होती ती पोकळी त्यांनी आकर्षक लय म्हणून वापरली. हा दोष त्यांच्यावर एकट्यावर टाकता येणार नाही, कारण विद्यार्थ्याला चार वर्षे उसंत देणारी व्यवस्था तोवर राहिली नव्हती. सायमन रेनॉल्ड्सचा पोस्ट-पंकवरील ‘रिप इट अप अँड स्टार्ट अगेन’ हा मोठा इतिहासग्रंथ २००५ साली नेमका याच लाटेत आला आणि लीड्सच्या बँडांना त्यात स्वतंत्र प्रकरण मिळाले. त्यानंतर केव्हिन डेटमार याने २०१४ साली ‘एंटरटेनमेंट!’ या एकाच ध्वनिमुद्रिकेवर पुस्तक लिहिले. अभ्यासकांनी विचाराची बाजू सांभाळली आणि वादकांनी नादाची, अशी ही वाटणी पडलेली दिसते.

मूळ चौघे २००४-०५मध्ये पुन्हा एकत्र आले आणि त्यांनी ‘रिटर्न द गिफ्ट’ या नावाने आपली जुनी गाणी नव्याने ध्वनिमुद्रित केली. मूळ ध्वनिमुद्रणांच्या विक्रीतून त्यांच्या हाती काहीच येत नव्हते, हे त्यामागील एक कारण होते; श्रम कोणाचे आणि मालकी कोणाची हा त्यांच्या गाण्यांतील प्रश्न त्यांच्याच बाबतीत असा सोडवला गेला. सोफिया कोपोलाच्या ‘मारी आंत्वानेत’ या २००६च्या चित्रपटाची नामावली ‘नॅचरल्स नॉट इन इट’वर चालते, गादीवर पहुडलेली राणी, पायात जोडा चढवणारी दासी आणि ऐश्वर्याची चिकित्सा करणारे गाणे यांचा तो मेळ अर्थपूर्ण आहे. तेच गाणे पुढे मायक्रोसॉफ्टच्या काइनेक्ट या खेळयंत्राच्या जाहिरातीत वापरले गेले, तेव्हा त्यातला अर्थ उरला नाही. ‘रन द ज्युएल्स’ या हिप-हॉप जोडगोळीने २०२०मध्ये ‘ईथर’मधील गिटार घेऊन पोलिसी सत्तेविरुद्ध संतापाने पेटलेल्या ध्वनिमुद्रिकेत बसवली, तेव्हा तो अर्थ पुन्हा आला.

किंग बाहेर पडल्यानंतरही नव्या साथीदारांसह बँड चालवत राहिलेला गिल १ फेब्रुवारी २०२० रोजी वयाच्या ६४व्या वर्षी न्यूमोनियाने वारला. पुढच्या वर्षी निघालेल्या ‘द प्रॉब्लेम ऑफ लेझर’ या आदरांजलीपर संग्रहात मोरेलो, फ्ली, ‘आयडल्स’, ‘किलिंग जोक’ अशा अनेक पिढ्यांच्या लोकांनी त्याची गाणी वाजवली. २०२५मध्ये डेव्ह अ‍ॅलनचेही निधन झाले, आणि किंग व बर्नम यांनी त्याच वर्षी निरोपाचा दौरा केला.

विचार आणि नाद वेगळे करता येतात का, या प्रश्नाचे उत्तर या इतिहासातून मिळते : करता येतात, पण मग दोन्ही दुबळे होतात. ‘हार्ड’मध्ये विचार उरला आणि नाद गेला, २०००नंतरच्या अनुकरणांत नाद उरला आणि विचार गेला, ‘मिनिटमेन’, ‘फुगाझी’ आणि ‘रन द ज्युएल्स’ हेच खरे वारसदार ठरतात, कारण त्यांनी दोन्ही मिळून घेतले. ज्या वाचकाला हे संगीत नव्याने ऐकायचे आहे त्याने ‘एंटरटेनमेंट!’पासून, पहिल्या गाण्यापासून क्रमाने सुरुवात करावी, ‘अँथ्रॅक्स’ हेडफोन लावून दोनदा ऐकावे, एकदा डाव्या कानाने आणि एकदा उजव्या. त्यानंतर ‘सॉलिड गोल्ड’कडे वळावे, आणि १९८३नंतरचे पुढे कधीतरी सवडीने ऐकावे.